इलेक्ट्रॉनला लाईट कुठून येते

डोंबिवलीत माझी ओळख दोन गोष्टींसाठी आहे. एक म्हणजे, भाजीवाल्याशी मी कोथिंबिरीच्या जुडीवरूनही हुज्जत घालते. दुसरी म्हणजे, इलेक्ट्रॉनचा प्रश्न. पहिली ओळख माझी स्वतःची कमाई. दुसरी चोरीची आहे. गेल्या महिन्यात कोपरीला जे घडलं, त्यानंतर ती चोरी पोटात ठेवणं मला जमेनासं झालंय, म्हणून हे लिहून काढते आहे.

मी चित्रा. कल्याणच्या एका शाळेत एकतीस वर्षं विज्ञान शिकवलं आणि पाच वर्षांपूर्वी निवृत्त झाले. माझी पदवी वनस्पतिशास्त्राची. शेवाळं, नेचे, जास्वंदीचा उभा छेद, काय हवं ते विचारा, झोपेतून उठवून विचारा. पण शाळेत विज्ञानाची बाई म्हटली की भिंगं, चुंबक, आम्लं, अणू, सगळं तिच्याच गळ्यात. आदल्या दिवशी पुस्तकाची चार पानं वाचायची, टाचण काढायचं आणि दुसऱ्या दिवशी जन्मभर हेच करत आल्याच्या थाटात फळ्यापाशी उभं राहायचं. मी एकटीच असं करत होते असं नाही. आम्ही सगळ्याच तशा होतो, आणि एकमेकींना ते कधी विचारायचो नाही.

टाचण म्हणजे धड्याची आखणी. वहीच्या पानावर मधोमध उभी रेघ मारायची. डावीकडे ‘शिक्षक कृती’, उजवीकडे ‘विद्यार्थी कृती’. बाई काय विचारणार ते डावीकडे, मुलं काय उत्तर देणार ते उजवीकडे. मुलांनी काही विचारलं तर ते कुठे लिहायचं, याची सोय त्या वहीत नव्हती. माझं टाचण तालुक्यात नावाजलेलं होतं. लाल शाईची शीर्षकं, पट्टीने मारलेल्या रेघा. नव्या शिक्षकांना नमुना म्हणून माझी वही दाखवायचे, आणि मी आपलं ‘अहो, त्यात काय एवढं’ म्हणत मनातून फुगायचे.

२००३ सालचा डिसेंबर. शाळेची वार्षिक तपासणी होती आणि नेमके साहेब माझ्या नववी ब च्या तासाला येऊन शेवटच्या बाकावर बसले. मांडीवर माझं टाचण. मी एकेक मुद्दा घेतला की ते पेन्सिलीने खूण करायचे. धडा अणूचा होता. मी डाल्टनचा टणक गोळा सांगितला. थॉमसनचा अणू बेदाणे घातलेल्या लाडवासारखा सांगितला, बेदाणे म्हणजे इलेक्ट्रॉन. मग रदरफोर्डने सोन्याच्या पत्र्यावर कण मारले, बहुतेक आरपार गेले, थोडे उलटून परत आले, म्हणजे अणू बहुतेक पोकळ आणि मधोमध एक जड केंद्रक. फळ्यावर केंद्रक काढलं, भोवती कडं काढलं, कड्यावर इलेक्ट्रॉनचा ठिपका दिला. तास छान रंगला होता. साहेबांची पेन्सिल बरोबर माझ्या मागोमाग चालली होती.

तेवढ्यात खिडकीजवळच्या तिसऱ्या बाकावरून कल्पिताने हात वर केला. ती मोहन्याची. वडिलांची गावात पिठाची गिरणी होती, शिवाय थोडी जमीन. सकाळी गिरणीवर बसून मग ही शाळेत यायची, त्यामुळे तिच्या कानामागे, केसांत पांढरं पीठ राहिलेलं असायचं. हात वर करताना ती कोपर दुसऱ्या हाताने धरायची, जणू हात तिथेच ठेवायला आधार हवा.

“बाई, आमच्या गिरणीचं चाक लाईट गेली की थोडं फिरतं आणि थांबतं,” ती म्हणाली. “मग इलेक्ट्रॉनला लाईट कुठून येते?”

वर्ग हसला. ती काही बावरली नाही. फळ्यावरच्या ठिपक्याकडे बोट करून म्हणाली, “आणि ते मधलं त्याला ओढतंय ना? मग दमला की तो त्याच्यात पडत का नाही?”

आज मला ठाऊक आहे की पोरीने एका दमात रदरफोर्डच्या अणूचं मर्म गाठलं होतं. त्या क्षणी मला एवढंच ठाऊक होतं की याचं उत्तर मला येत नाही, पुस्तकात नाही, टाचणात तर नाहीच, आणि साहेबांनी मान वर केली आहे. ‘मला माहीत नाही, उद्या बघून सांगते,’ एवढं म्हटलं असतं तर आभाळ कोसळलं नसतं. पण तसं म्हणणारी बाई मी तोवर पाहिलेली नव्हती.

मी हसले. गोड हसले. आणि म्हणाले, “कल्पिता, आधी डोक्यातलं पीठ झटकून ये, मग इलेक्ट्रॉनची काळजी कर.”

वर्ग असा काही हसला की शेजारच्या वर्गातल्या बाई डोकावून गेल्या. साहेबही हसले. कल्पिताचा हात खाली आला आणि नकळत कानामागे गेला. तिने तिथलं पीठ पुसलं, बोटांकडे बघितलं आणि खाली बसली. साहेबांनी माझ्या शेऱ्यात लिहिलं, ‘वर्गनियंत्रण उत्तम.’ त्या आठवड्यापासून पोरं तिला ‘पीठ’ म्हणून हाक मारायला लागली. मी ते ऐकायचे आणि न ऐकल्यासारखं करायचे.

इथपर्यंत मला कुणीही माफ करावं. घाबरलेला माणूस जिभेने वार करतो, त्यात नवल नाही. खरी गोष्ट पुढची आहे.

संध्याकाळी घरी मी नवऱ्याला, आनंदला, तो प्रश्न गंमत म्हणून सांगितला. तो ठाण्याच्या एका कंपनीत इंजिनिअर होता. तो हसला नाही. सकाळी मी चहा टाकत होते तेव्हा माळ्यावरून काढलेलं त्याचं कॉलेजचं जाड पुस्तक उघडून त्याने ओट्यावर ठेवलं आणि म्हणाला, “तुझ्या त्या मुलीचा प्रश्न इथे आहे.” मी उभ्याउभ्या वाचलं. विद्युतभार असलेली वस्तू गोल फिरते तेव्हा तिची ऊर्जा बाहेर पडत राहते. गिरणीचं चाक घर्षणाने थांबतं, इलेक्ट्रॉनचं कारण वेगळं, पण निष्कर्ष तोच. ऊर्जा संपत गेली की त्याने आत आत येत केंद्रकावर पडायला हवं, तेही डोळ्याची पापणी लवायच्या आत. मग हे टेबल, हा ओटा, आपण, काहीच शिल्लक राहायला नको. रदरफोर्डचा अणू याच प्रश्नावर अडला होता. दोन वर्षांनी त्याच्याकडे शिकून गेलेल्या बोरने मार्ग काढला, की ठरावीक कक्षांमध्ये इलेक्ट्रॉन ऊर्जा गमावतच नाही. असं का, ते त्यालाही नीट सांगता आलं नव्हतं. चहा उतू गेला, मी गॅस बंद करायचीही विसरले.

त्या दिवशी नववी ब वर माझा चौथा तास होता. तिन्ही तास मी मनात वाक्य घोळवत होते: कल्पिता, काल तू विचारलंस ते जगातल्या मोठमोठ्या लोकांनी विचारलेलं आहे. वाक्य चांगलं होतं. वर्गात गेले आणि तिच्याकडे बघितलं. तिने डोक्यावरून अंघोळ केली होती. ओले केस तेल लावून घट्ट विंचरलेले, कानामागची कातडी घासून लाल झालेली. पिठाचा कण नव्हता. आता बोलायचं म्हणजे कालचं आपण काय केलं ते साठ पोरांपुढे मान्य करायचं. मी पुस्तक उघडलं आणि पुढचा धडा सुरू केला.

पुढे सव्वा वर्ष, दहावी होईपर्यंत, ती माझ्यापुढे बसत होती. तिने परत कधी हात वर केला नाही.

पुढच्या वर्षी नव्या नववीसाठी नवं टाचण काढताना मी अणूच्या धड्यावर आले आणि डाव्या रकान्यात, लाल शाईने, पट्टी लावून लिहिलं: ‘शिक्षक कृती. वीज गेल्यावर गिरणीचे चाक थांबते, मग इलेक्ट्रॉन का थांबत नाही? असा प्रश्न विचारून विद्यार्थ्यांची जिज्ञासा जागृत करणे.’ लिहिताना हात थरथरला असं म्हणायला मला आवडलं असतं. तसं काही झालं नाही. फक्त तो तास घेताना मी दार लावून घेतलं, कारण कल्पिताचा दहावीचा वर्ग शेजारीच होता.

तो तास तुफान झाला. पोरं भांडली, अंदाज बांधले, मधल्या सुट्टीतही बोलत राहिली. दरवर्षी तसंच व्हायचं. मुख्याध्यापकांनी दुसऱ्या शिक्षकांना माझ्या तासाला बसवलं. त्याला ‘चित्राबाईंचा प्रश्न’ म्हणायला लागले.

या सगळ्याच्या मधली एक गोष्ट मी मुद्दाम मागे ठेवली आहे, कारण ती लिहायला सर्वांत जड जाते. दहावीचा निकाल लागला तेव्हा कल्पिताची आई, तुळसा, मला भेटायला शाळेत आली. नऊवारी, कपाळाला ठसठशीत कुंकू, हातात कापडी पिशवी. पिशवीत नुकतंच दळलेलं तांदळाचं पीठ होतं, माझ्यासाठी, भाकरीला. विज्ञानात कल्पिताला वर्गात तिसऱ्या क्रमांकाचे गुण होते.

“बाई, पोर बोलतंय सायन्सला जातंय,” तुळसा म्हणाली. “आमाला त्यातला काय कलतंय? तुमी सांगाल तसा करू.”

मी म्हणाले, तिला ते झेपणार नाही. आर्ट्सला घाला. तुम्हाला काय कमी आहे, जमिनी आहेत, चांगल्या घरात पडेल. तेव्हा आमच्या स्टाफरूममध्ये त्या गावांतल्या मुलांबद्दल हे वाक्य रोज कुणी ना कुणी बोलायचं, त्यामुळे ते माझ्या तोंडून सहज आलं. पण ते वाक्य म्हणजे नुसता बुरखा होता. खरं कारण मला तेव्हाही माहीत होतं. अकरावी सायन्सच्या पुस्तकात बोरचा अणू होता. ती तिथे पोचली असती तर तिला कळलं असतं, की आपला प्रश्न बरोबर होता आणि बाईंना येत नव्हता. तुळसाने हात जोडले, मी पीठ घेतलं, आणि आठवडाभर आम्ही त्याच्या भाकऱ्या खाल्ल्या.

मग वर्षं गेली. मला आदर्श शिक्षिका पुरस्कार मिळाला. शाळेच्या स्मरणिकेत मी त्या प्रश्नावर लेख लिहिला, आणि लिहिता लिहिता अडले, की हा प्रश्न मला सुचला कसा. काहीतरी हवं होतं. मी माहेरची कोपरीची. आमच्या आळीत गिरणी होती हे खरं. तिच्यात मी एक आठ वर्षांची चित्रा उभी केली, जिने थांबणारं चाक बघून आपल्या गुरुजींना हा प्रश्न विचारला. आणि गुरुजींनी पाठीवर हात ठेवून म्हटलं, ‘शाब्बास, असंच विचारत राहा.’ आठ वर्षांची मी गिरणीत जायचे ते पिठाचे गोळे करून कावळ्यांना मारायला. गुरुजी तर अख्खे बनावट. पण लेख वाचून लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि एकदा पाणी आलं की गोष्ट खरी होते. पुढे पुढे तर मला ते गुरुजी दिसायला लागले, धोतर, चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली.

निवृत्तीनंतर मला प्रशिक्षणवर्गांना बोलवायला लागले. गेल्या महिन्यात जिल्ह्यातल्या विज्ञान शिक्षकांचा वर्ग होता, तोही नेमका कोपरीत, एका शाळेच्या सभागृहात. संयोजक साकेत नावाचा तरुण, भलताच उत्साही, बोलताना दर वाक्याला ‘मॅडम’. साठेक शिक्षक होते. मी माझं नेहमीचं सत्र घेतलं. थॉमसनच्या हाताखाली शिकलेल्या रदरफोर्डने थॉमसनचाच अणू मोडला, रदरफोर्डकडे शिकून गेलेल्या बोरने रदरफोर्डचा अणू सावरला. गुरूची चूक शिष्याने दाखवली आणि कुणाची मान खाली गेली नाही, हे विज्ञान. हे वाक्य माझं फार आवडतं होतं, आणि ते म्हणताना मला स्वतःची कधी आठवण झाली नाही. मग गिरणी, चाक, आठ वर्षांची मी, गुरुजी, पाठीवरचा हात.

चौथ्या रांगेतून एक हात वर झाला. त्या हाताचं कोपर दुसऱ्या हाताने धरलेलं होतं.

“बाई,” ती म्हणाली. सकाळपासून मला सगळे मॅडम म्हणत होते. बाई म्हणणारी एकच. “त्या गुरुजींनी शाबासकी दिली नसती तर?”

भरलेलं अंग, चष्मा, निळा कॉटनचा ड्रेस, गळ्यात शाळेचं ओळखपत्र. आवाजात राग नव्हता. खरोखर विचारावं तसं तिने विचारलं होतं. मी तिला ओळखलं, आणि तरीही, इतक्या वर्षांची सवय, माझं तोंड आपोआप चाललं. मी म्हणाले, “तर हा प्रश्न तिथेच मेला असता.” साठ माणसांनी माना डोलावल्या. एक-दोघांनी वहीत लिहूनही घेतलं.

जेवणाच्या सुट्टीत मी साकेतच्या आडोशाने उभी राहिले. कल्पिता पुरीभाजीची ताटली घेऊन सरळ माझ्यापाशी आली. साकेतला वाटलं जुनी विद्यार्थिनी दिसते, तो हसून बाजूला झाला. ती सांगत गेली, मी ऐकत गेले. आर्ट्सने बारावी, मग डी.एड., मग आंबिवलीजवळच्या एका शाळेत नोकरी. गिरणी केव्हाच बंद झाली. शाळेत विज्ञानाला माणूस नव्हता, म्हणून आठवीचं विज्ञान हिच्या गळ्यात आलं. अणूचा धडा घ्यायच्या आदल्या दिवशी ती मोबाईलवर व्हिडिओ बघत बसली होती, आणि त्यात तो माणूस म्हणाला, इलेक्ट्रॉन केंद्रकावर का पडत नाही.

“मी व्हिडिओ बंद केला आणि जाम रडले,” ती म्हणाली. “मला तोपर्यंत वाटायचं मी मूर्खासारखं काहीतरी विचारलेलं. सोळा वर्षं वाटायचं. कुठे काही विचारायचं म्हटलं की हात कानामागे जायचा.”

“मी तुम्हाला दोष देत नव्हते हां,” ती म्हणाली. “मला वाटायचं तुम्हाला पण माहीत नसणार. आज तुमचं ऐकलं म्हणून विचारते. तुम्हाला उत्तर कधी कळलं, बाई?”

खोटं बोलायची पूर्ण सोय होती. पाच वर्षांनी म्हणता आलं असतं, निवृत्त झाल्यावर म्हणता आलं असतं. ती विश्वास ठेवायला तयार होती, तिच्या चेहऱ्यावर ते दिसत होतं.

“दुसऱ्या दिवशी,” मी म्हणाले.

ती पुरीचा तुकडा मोडत होती. तो तिने परत ताटलीत ठेवला.

“म्हणजे मी वर्गातच होते.”

“हो.”

“आई आलेली तुम्हाला भेटायला, तेव्हाही माहीत होतं.”

“हो.”

तिने मान हलवली, हिशेब नीट लागल्यावर माणूस हलवतो तशी, आणि ताटली ठेवायला निघून गेली. मी शरमेने तिथल्या तिथे जमिनीवर बसले. लोकांना वाटलं माझी साखर कमी झाली. कुणीतरी जिलबी आणून दिली.

दुपारच्या सत्रात मी उभी राहिले आणि ठरवलं, आता सांगून टाकायचं. मनाशी म्हटलं, ही तिची भरपाई. मी म्हणाले, सकाळी तुम्हाला जी गोष्ट सांगितली ती खोटी आहे. गुरुजी नव्हते. तो प्रश्न माझा नव्हता, माझ्या एका विद्यार्थिनीचा होता. मला उत्तर आलं नाही म्हणून मी तो हसण्यावारी नेला आणि पुढे वीस वर्षं माझा म्हणून मिरवला. ती मुलगी आज इथे बसली आहे. कल्पिता, उभी राहा.

तिला न विचारता मी तिचं नाव घेतलं. साठ माना वळल्या. ती नाइलाजाने उठली, ओळखपत्राची दोरी मुठीत धरून. माझा आवाज कापत होता, डोळे भरून आले होते, आणि ते खोटं नव्हतं. पण माझ्या आतली जी बाई टाचणात लाल शाईने शीर्षकं लिहायची, तिला त्याच वेळी कळत होतं की सभागृहात टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता आहे आणि एकही माणूस मोबाईल बघत नाही.

मग टाळ्या सुरू झाल्या. लोक उभे राहिले. पुढच्या रांगेतली एक शिक्षिका रुमालाने डोळे पुसत होती. साकेतने माईक घेतला आणि म्हणाला, चूक कबूल करायला केवढं मोठं मन लागतं, हे आज मॅडमनी आपल्याला शिकवलं. लोक येऊन माझ्या पाया पडायला लागले. माझे फोटो काढले. कल्पिताला कुणीतरी ओढून माझ्या शेजारी उभं केलं आणि आमचा दोघींचा फोटो काढला. त्याच प्रश्नावर मला आणखी एकदा टाळ्या मिळाल्या, आणि या आधीच्या सगळ्यांपेक्षा मोठ्या.

गर्दी ओसरल्यावर ती हजेरीपटावर सही करत होती. मी जवळ गेले. मला वाटलं होतं काय कोण जाणे, की ती गळ्यात पडेल.

“पिठाचं नाही सांगितलंत,” ती म्हणाली. सही पूर्ण करून तिने पेनाचं टोपण लावलं. “आईला काय बोललात ते पण नाही. हसण्यावारी नेला म्हणालात.”

खरंच नव्हतं सांगितलं. मुद्दाम गाळलं नव्हतं, असं मी शपथेवर म्हणाले असते. पण जेवढं सांगितल्याने लोक रडतील तेवढंच मी सांगितलं होतं. जे ऐकून लोकांनी तोंड फिरवलं असतं ते बरोबर मागे राहिलं होतं.

“मी तुझ्या शाळेत येते,” मी घाईघाईने म्हणाले. “उद्याच येते. तुझ्या मुलांसमोर सगळं सांगते, पिठासकट. आईंनाही भेटते, त्यांच्या पाया पडते.”

“आई नाही आता. तीन वर्षं झाली.” ती शांतपणे म्हणाली. “आणि शाळेत नको, बाई.”

“का?”

“तुम्ही फार छान सांगता.” तिने पर्स खांद्याला लावली. “तुम्ही सांगाल, तुम्ही रडाल, मग माझी पोरं रडतील. घरी जाऊन सांगतील, एक बाई आलेल्या, जाम भारी होत्या. मी तिथे रोज अडखळत शिकवते, पुस्तक हातात धरून. मला येत नाही तेव्हा तसं सांगते. त्यांनी मला तुमच्याशी ताडून बघितलेलं मला नाही चालणार.”

तिने मला नमस्कार केला नाही. ‘येते’ म्हणाली आणि जिन्याने उतरून गेली. मी तिला थांबवलं नाही.

साकेतने माझ्यासाठी रिक्षा बोलावली होती. मी बसल्यावर तो वाकून म्हणाला, “मॅडम, पुढच्या महिन्यात शहापूरला वर्ग आहे. हेच सत्र घ्याल ना? आजच्यासारखंच. तो शेवटचा भाग मात्र नक्की ठेवा.”

मी म्हणाले, बघून सांगते. त्यानंतर त्याचे दोन मेसेज येऊन गेले. नाही म्हणायला एक शब्द पुरेसा आहे. तो मी अजून पाठवलेला नाही, आणि आज सकाळी चहा करताना मी मनाशी ते भाषण म्हणून बघत होते, या वेळी पिठासकट.